पोकेमॉन पुन्हा पहिल्यापासून: नवा सेव्ह सुरू करण्याबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

गेमबॉयपासून स्विचपर्यंतच्या मुख्य पोकेमॉन गेमांबद्दल जे प्रश्न सतत येत राहतात, ते इथे एकत्र केले आहेत. मोबाइलवरचा पोकेमॉन गो यात धरलेला नाही. बटणं शोधत आलेल्यांना ती प्रश्न ३ मध्ये मिळतील, पण त्याआधी प्रश्न ४ वाचा. पुसायला काही सेकंद लागतात, आणि पुसलेलं परत आणायची सोय जवळपास कुठेच नाही.

१. मेनूत "न्यू गेम" दाबलं की जुना खेळ लगेच उडतो का?

गेमबॉय आणि गेमबॉय ॲडव्हान्सवर लगेच उडत नाही. "न्यू गेम" निवडून प्रोफेसरचं भाषण ऐकलं, नाव टाकलं, अगदी पहिला पोकेमॉन घेतला, तरी जुना सेव्ह जागच्या जागी असतो. तो जातो तुम्ही नव्या खेळात पहिल्यांदा सेव्ह करता तेव्हा. त्या वेळी गेम स्पष्ट विचारतो की आधीची फाइल पुसली जाईल, चालेल का. तोवर मशीन बंद केलं तर जुना खेळ शाबूत.

डीएसवर, म्हणजे डायमंड-पर्लपासून (२००६), नियम बदलला. जुना सेव्ह असताना नवा खेळ खेळता येतो, पण सेव्ह करता येत नाही. आधी जुना पुसावा लागतो. हे माहीत नसल्यामुळे दोन तास खेळून मग कपाळाला हात लावणारे पुष्कळ आहेत. थ्रीडीएसवरही आधी पुसणं भाग आहे. स्विचचं प्रकरण वेगळं आहे, ते पुढच्या दोन प्रश्नांत.

२. एका कॅसेटमध्ये दोन सेव्ह ठेवता येतात का? घरात बहीण-भाऊ दोघांनाही खेळायचं आहे.

नाही. १९९६ च्या रेड आणि ग्रीनपासून एका कॅसेटमध्ये एकच सेव्ह राहतो. तेव्हा त्याला कारण होतं. सेव्हसाठी जेमतेम ३२ किलोबाइट जागा होती आणि तीत साठवणीच्या पेट्यांतले एकूण २४० पोकेमॉन बसवायचे होते. पुढे जागा वाढली, तरी प्रथा तीच राहिली. रूबी-सफायरच्या पिढीत (म्हणजे गेमबॉय ॲडव्हान्सवरच्या गेमांत) १२८ किलोबाइट जागा आहे आणि गेम सेव्हच्या दोन प्रती आळीपाळीने लिहितो. पण त्या दोन्ही एकाच खेळाडूच्या असतात. एक बिघडली तर दुसरी उघडावी एवढाच त्यांचा उपयोग.

स्विचवर हे भांडण मिटलं. तिथे सेव्ह कॅसेटमध्ये नसून मशीनमध्ये, प्रत्येक युजरच्या नावावर असतो. एका स्विचवर आठ युजर करता येतात, म्हणजे एकाच कॅसेटवर आठ जण आपापला खेळ चालवू शकतात. तुम्हाला स्वतःला नवी सुरुवात करायची असेल, तरी जुना सेव्ह पुसण्यापेक्षा नवा युजर तयार करणं केव्हाही शहाणपणाचं.

३. जुना सेव्ह पूर्ण पुसायची बटणं कोणती?

गेमबॉय, गेमबॉय ॲडव्हान्स आणि डीएसवर, म्हणजे रेड-ब्लूपासून ब्लॅक २-व्हाइट २ पर्यंत, गेमच्या नावाची स्क्रीन आली की वरची दिशा, सिलेक्ट आणि बी एकदम दाबायचं. थ्रीडीएसवर (एक्स-वायपासून अल्ट्रा सन-अल्ट्रा मूनपर्यंत) वरची दिशा, एक्स आणि बी. गेम खात्री करून घेतो. "हो" म्हटलं की संपलं.

स्विचवर बटणांची जोडणी नाही. होम मेनूतून सिस्टिम सेटिंग्ज, तिथून डेटा मॅनेजमेंट, मग सेव्ह डेटा पुसण्याचा पर्याय, त्यात गेम आणि मग युजर. युजर निवडताना नाव दोनदा वाचा. आणि घरातल्या कुणाचा युजरच काढून टाकलात तर त्याच्या नावावरचे सगळ्या गेमांचे सेव्ह त्याच्याबरोबर जातात.

इथे एक गंमत लक्षात ठेवण्यासारखी आहे. थ्रीडीएसवर जी जोडणी सेव्ह पुसते, तीच वर-एक्स-बी स्वोर्ड-शील्ड आणि स्कार्लेट-व्हायोलेटमध्ये नेमकं उलटं काम करते. तिथे ती आधीचा राखीव सेव्ह उघडते. जुन्या सवयीने दाबून "पुसलं का जात नाही" असं विचारणारे बरेच असतात. त्याच जोडणीचा खरा उपयोग प्रश्न १६ मध्ये आहे.

४. पुसण्याआधी काय काय करून ठेवू?

आधी डेकेअरमध्ये जा. तिथे ठेवलेला पोकेमॉन पेटीत दिसत नाही, म्हणून हमखास विसरतो, आणि तो बहुतेक तुमचा सगळ्यात लाडका असतो, कारण म्हणूनच त्याला तिथे वाढायला ठेवलेला असतो.

मग एक बिनकामाचा पोकेमॉन पकडा, गवतातला पहिला झिगझगून किंवा रटाटा चालेल. सोबतचे सगळेच्या सगळे सहा कधीच बाहेर पाठवता येत नाहीत, निदान एक मागे राहावाच लागतो. तो एक कोण, हे शेवटच्या क्षणी ठरवण्यापेक्षा झिगझगूनला राहू द्या.

त्यानंतर पेट्या एकेक करून चाळा आणि तीन गोष्टी वेगळ्या काढा: कार्यक्रमात किंवा मिस्टरी गिफ्टमधून मिळालेले, गेममध्ये एकदाच भेटणारे, आणि नाव ठेवून वाढवलेले. पहिल्या गटाला सगळ्यात जास्त जपा. डीएसच्या ऑनलाइन सेवा २० मे २०१४ ला बंद झाल्या, त्यामुळे त्या काळात वाटलेले पोकेमॉन नव्या सेव्हमध्ये तसे परत मिळणार नाहीत. बाकी जे रस्त्यात पुन्हा भेटणार आहेत, त्यांच्यासाठी जीव टाकू नका. सगळंच वाचवायला निघालात तर महिनाभर पेट्याच लावत बसाल आणि नवा खेळ सुरूच होणार नाही.

ब्लॅक किंवा व्हाइट पुसत असाल आणि जवळ ब्लॅक २ किंवा व्हाइट २ असेल, तर आधी दोन्ही मशीन शेजारी ठेवून मेमरी लिंक करून घ्या. जुन्या सेव्हच्या आधारे नव्या गेममध्ये मधल्या दोन वर्षांचे काही प्रसंग उघडतात. सेव्ह गेला की ते प्रसंगही गेले.

शेवटी ट्रेनर कार्ड आणि हॉल ऑफ फेमचा (गेम जिंकलेल्या संघाची नोंद) फोनवर फोटो काढा. या दोन गोष्टी कुठेही पाठवता येत नाहीत.

५. जुने पोकेमॉन नव्या सेव्हमध्ये आणता येतील का?

येतील, पण मधल्या काळात त्यांना राहायला दुसरी जागा हवी. ती जागा म्हणजे मित्राची कॅसेट, तुमचीच दुसरी कॅसेट किंवा पोकेमॉन होम (इंटरनेटवर पोकेमॉन साठवायची सेवा). कोणती चालेल हे पिढीवर ठरतं.

रेड-ब्लू-यलो आणि गोल्ड-सिल्व्हर-क्रिस्टल यांच्यात लिंक केबलने देवाणघेवाण होते. पण या जुन्या कॅसेटमधून पुढे रूबीच्या पिढीत जायला रस्ताच नाही. त्यांच्यासाठी दुसरी कॅसेट आणि दुसरा गेमबॉय, एवढाच उपाय. थ्रीडीएसवर डाउनलोड केलेले रेड, गोल्ड वगैरे वेगळे, त्यांच्यातले पोकेमॉन "पोकेमॉन बँक" या थ्रीडीएसच्या साठवण सेवेत जाऊ शकतात.

रूबीच्या पिढीतून डायमंडच्या पिढीत जायचं तर पाल पार्क, म्हणजे डायमंडच्या गेमांतली जुने पोकेमॉन आणायची जागा. त्यासाठी जुना डीएस किंवा डीएस लाइटच हवा, कारण डीएसआयपासून गेमबॉय ॲडव्हान्सची कॅसेट लावायची खाच काढून टाकली. सर्फ, कट यांसारख्या एचएम चाली (अडलेला रस्ता उघडणाऱ्या खास चाली) येत असलेला पोकेमॉन तिथून जात नाही, आधी चाल विसरवावी लागते. डायमंडच्या पिढीतून ब्लॅक-व्हाइटमध्ये जायला दोन डीएस लागतात. ब्लॅक-व्हाइटमधून थ्रीडीएसवरच्या बँकेत आणि बँकेतून होममध्ये.

ही सगळी वाट फक्त पुढे जाते. रूबीतला पोकेमॉन एकदा डायमंडमध्ये गेला की रूबीच्या नव्या सेव्हमध्ये परत येणार नाही. त्याच गेममध्ये परत हवा असेल तर त्याच पिढीतल्या दुसऱ्या कॅसेटमध्ये ठेवा, वर पाठवू नका.

६. पोकेमॉन होम फुकट आहे का? त्यात वस्तूही राहतात का?

फुकट खात्यात ३० पोकेमॉन राहतात, पैसे भरून घेतलेल्या प्रीमियम खात्यात ६,०००. बँकेतून होममध्ये आणायचं असेल तर प्रीमियमच लागतं. वस्तू राहत नाहीत, म्हणून पोकेमॉनच्या हातातली वस्तू आधी काढून घ्या. आणि प्रत्येक पोकेमॉन प्रत्येक गेममध्ये उतरत नाही. स्वोर्ड-शील्डपासून (२०१९) प्रत्येक गेममध्ये ठरावीकच जाती आहेत, बाकीच्यांना होममध्येच थांबावं लागतं.

७. थ्रीडीएसच्या सेवा बंद झाल्या ना? मग बँकेचं काय?

थ्रीडीएसचं ऑनलाइन दुकान २७ मार्च २०२३ ला बंद झालं आणि ऑनलाइन खेळ ८ एप्रिल २०२४ ला. पोकेमॉन बँक मात्र त्यानंतरही चालू ठेवली गेली, तीही फुकट. अडचण एवढीच की बँक आधी कधी डाउनलोड केलेलीच नसेल तर आता नव्याने मिळत नाही. ज्यांच्या मशीनमध्ये ती आहे त्यांनी आजउद्या करू नये. ती कायम चालेल असं आश्वासन कुणी दिलेलं नाही.

८. माझाच लेव्हल १०० चा चॅरिझार्ड मित्राकडून परत घेतला, तर तो नव्या खेळात माझं ऐकतच नाही!

कारण गेमच्या हिशेबी तो तुमचा नाहीच. प्रत्येक नव्या सेव्हला नवा ट्रेनर क्रमांक मिळतो. नाव अगदी तेच ठेवलं तरी क्रमांक जुळत नाही आणि तो परक्याचा पोकेमॉन ठरतो. परका पोकेमॉन तुमचे बॅज (जिमच्या म्होरक्याला हरवल्यावर मिळणारी पदकं) मोजतो. रेड-ब्लूमध्ये दुसऱ्या बॅजनंतर लेव्हल ३० पर्यंतचे ऐकतात, चौथ्यानंतर ५०, सहाव्यानंतर ७० आणि आठव्यानंतर सगळे. तोवर चॅरिझार्ड मध्येच झोपणार, नाहीतर हुकूम धुडकावून स्वतःला हवी ती चाल खेळणार.

उलट बाजूने फायदाही आहे. परक्या पोकेमॉनला अनुभवाचे गुण दीडपट मिळतात. म्हणून लेव्हल १०० चा आणण्यापेक्षा जुन्या सेव्हमधल्या लाडक्याचं लेव्हल ५ चं पिल्लू आणा. ते ऐकतं, भराभर वाढतं आणि खेळाची मजाही मारत नाही. फक्त त्याचं नाव आधीच ठेवून पाठवा, कारण जुन्या गेमांतला नेम रेटर परक्या पोकेमॉनचं नाव बदलून देत नाही.

९. फायररेड नव्याने सुरू केला. लीफग्रीनशी ट्रेड होतो, पण रूबीशी का नाही?

फायररेडमध्ये होएनशी (रूबी-सफायरच्या प्रदेशाशी) बोलणारं यंत्र आधी दुरुस्त व्हावं लागतं. एलिट फोर (शेवटचे चार ट्रेनर) हरवून हॉल ऑफ फेममध्ये जा, ६० जाती पकडून प्रोफेसर ओककडून नॅशनल डेक्स (सगळ्या प्रदेशांतल्या जातींची नोंदवही) घ्या, मग सेवी बेटांवर माणिक आणि नीलम शोधून सेलिओला द्या. तोवर रूबी, सफायर, एमेराल्ड तिन्हींची दारं बंद. याच कारणाने जुन्या फायररेडमधले पोकेमॉन तात्पुरते रूबीत ठेवून लगेच परत आणायचा बेत फसतो. जातील आनंदाने, पण परत यायला अख्खा गेम संपवावा लागेल. लीफग्रीनमध्ये ठेवलेत तर हा घोळ नाही, मात्र नॅशनल डेक्स मिळेपर्यंत पहिल्या १५१ मधलेच परत येतील.

१०. पुन:पुन्हा नवा सेव्ह करून स्टार्टर (गेमच्या सुरुवातीला निवडायचा पोकेमॉन) आणि चांगल्या वस्तू दुसरीकडे गोळा केल्या तर चालतं का?

चालतं, आणि जुन्या खेळाडूंचा तो आवडता उद्योग आहे. पोकेडेक्स मिळाला की ट्रेड सुरू होतो, म्हणजे तिन्ही स्टार्टर थोड्या वेळात दुसऱ्या कॅसेटमध्ये जमा करता येतात. गोल्ड-सिल्व्हरपासून पोकेमॉनच्या हातात वस्तू देता येते, म्हणून मास्टर बॉलही (पोकेमॉन हमखास पकडणारा बॉल) असा नेता येतो. पण तो मिळेपर्यंत निम्म्याहून जास्त गेम खेळावा लागतो. एका बॉलसाठी एवढा खटाटोप करण्यात अर्थ नाही. डायमंडच्या पिढीपर्यंत टीएम (चाल शिकवणाऱ्या वस्तू) एकदाच वापरता येत, तिथे एखादी दुर्मीळ टीएम पाठवणं मात्र वसूल होतं.

११. कान्टोत (रेड-ब्लू आणि फायररेडच्या प्रदेशात) नवी सुरुवात करतोय. कोणता स्टार्टर घेऊ?

पहिल्यांदा खेळताना बहुतेकांनी चारमँडर घेतलेला असतो आणि पहिल्या जिमच्या ब्रॉकपाशी अडकलेले असतात. रेड-ब्लूमध्ये ब्रॉककडे लेव्हल १२ चा जिओड्यूड आणि १४ चा ओनिक्स आहे, दोन्ही दगड. आगीचा मारा त्यांना निम्माच लागतो. बल्बासॉर घेतला तर पहिली दोन जिम सरळ निघून जातात. स्क्वर्टल मधला रस्ता.

तरी दुसऱ्या फेरीत मी चारमँडरच सुचवेन, कारण आता तुम्हाला ब्रॉक माहीत आहे. व्हिरिडियन जंगलात केटरपी पकडा. तो ७ व्या लेव्हलला मेटापॉड, १० व्या लेव्हलला बटरफ्री होतो, आणि रेड-ब्लूमध्ये १२ व्या लेव्हलला कन्फ्युजन शिकतो. ओनिक्सची विशेष ताकद अगदीच कमी असल्यामुळे ती चाल त्याला झेपत नाही. फायररेडमध्ये तर चारमँडर स्वतःच १३ व्या लेव्हलला मेटल क्लॉ शिकतो, आणि लोखंड दगडाला भारी पडतं.

१२. शायनी (वेगळ्या रंगाचा, दुर्मीळ) स्टार्टर मिळेपर्यंत रीसेट करत बसलो तर?

गोल्ड-सिल्व्हरपासून ब्लॅक २-व्हाइट २ पर्यंत शक्यता ८,१९२ मध्ये १, एक्स-वायपासून ४,०९६ मध्ये १. ८,१९२ वेळा रीसेट केलं की मिळणारच असा हिशेब करू नका. तेवढ्या वेळा केल्यावरही मिळण्याची शक्यता ६३ टक्क्यांच्या आसपासच असते.

प्रोफेसरसमोर उभं राहून सेव्ह करायचं, पोकेमॉन घ्यायचा, रंग पाहायचा. नेहमीचाच असेल तर गेमबॉय आणि गेमबॉय ॲडव्हान्सवर ए, बी, स्टार्ट, सिलेक्ट एकदम, डीएसवर एल, आर, स्टार्ट, सिलेक्ट, थ्रीडीएसवर एल, आर, स्टार्ट. एमेराल्डमध्ये मात्र गेम सुरू होताना यादृच्छिक आकड्यांची मालिका दर वेळी एकाच ठिकाणाहून सुरू होते. त्यामुळे ठरावीक लयीत बटणं दाबत राहिलात तर तेच तेच पोकेमॉन समोर येऊ शकतात. मध्येच थोडं थांबा, लय मोडा. स्वोर्ड-शील्ड आणि स्कार्लेट-व्हायोलेटमध्ये स्टार्टर शायनी निघूच शकत नाही, तिथे वेळ घालवू नका.

१३. जुन्या गोल्डच्या कॅसेटमध्ये नवा खेळ सुरू केला, पण दुसऱ्या दिवशी सेव्ह गायब. का?

आतला सेल संपला. गेमबॉयच्या काळातल्या कॅसेटमध्ये सेव्ह विजेवर जिवंत राहतो, आणि गोल्ड-सिल्व्हर-क्रिस्टलमध्ये तोच सेल घड्याळही चालवतो, म्हणून तो लवकर संपतो. तो सीआर २०२५ असतो, आत डाग देऊन बसवलेला. सोल्डरिंग येणाऱ्याकडून, पत्र्याची पट्टी जोडलेला नवा सेल बसवून घ्या. नुसता चिकटपट्टीने दाबलेला सेल कधी दगा देईल सांगता येत नाही.

रूबी, सफायर, एमेराल्डमध्येही सेल आहे (सीआर १६१६), पण तो फक्त घड्याळासाठी. तो संपल्याचा संदेश आला तर घाबरू नका, सेव्ह सुरक्षित असतो. थांबतात त्या वेळेवर चालणाऱ्या गोष्टी, जशी बेरीची झाडं. फायररेड-लीफग्रीनमध्ये सेलच नाही.

१४. सेकंडहँड फायररेडवर "१एम सब-सर्किट बोर्ड" बसवलेला नाही असा काहीतरी संदेश येतो. हे काय?

गेमला सेव्हसाठी एक मेगाबिट, म्हणजेच प्रश्न २ मधली १२८ किलोबाइटची चिप सापडत नाहीये. खेळता येईल, सेव्ह होणार नाही. कॅसेट नकली असण्याची शक्यता मोठी. अस्सल कॅसेटच्या तळाशी पिनांच्या लगेच वर आतल्या पट्टीवर निन्टेन्डोचं नाव छापलेलं असतं, आणि लेबल उजेडात तिरकं धरलं की दाबून उमटवलेला बारीक आकडा दिसतो. आपल्याकडे या कॅसेट बहुतेक हात बदलत आलेल्या असतात, तेव्हा विकत घेतानाच सेव्ह करून, बंद करून, पुन्हा चालू करून पाहा. विकणाऱ्याला घाई असेल तर असू दे.

१५. कॉम्प्युटरवर एम्युलेटरमध्ये (जुन्या मशीनची नक्कल करणाऱ्या प्रोग्राममध्ये) खेळतो. नवा गेम सुरू केला, पण सेव्ह स्टेट उघडली की जुनाच खेळ येतो.

सेव्ह स्टेट म्हणजे त्या क्षणाच्या अख्ख्या मशीनचा फोटो, त्यात जुना सेव्हही येतो. स्टेट उघडून गेममध्ये सेव्ह केलंत तर नवा खेळ त्याखाली गाडला जातो. सुरुवात करण्याआधी गेमच्या सेव्हची फाइल दुसऱ्या फोल्डरमध्ये कॉपी करा, जुन्या स्टेट काढून टाका आणि निदान सुरुवातीला फक्त गेममधलाच सेव्ह वापरा.

१६. मुलाने चुकून पुसण्याला "हो" केलं. काही करता येईल?

गेमबॉय किंवा ॲडव्हान्सवर त्याने फक्त नवा खेळ सुरू केला असेल आणि अजून सेव्ह केलं नसेल, तर या क्षणी मशीन बंद करा, सगळं जागेवर आहे. बटणांनी पुसलं असेल तर गेलं. स्विचवर स्वोर्ड-शील्डमध्ये ऑटोसेव्ह चालू असताना नको तिथे सेव्ह झाला असेल, तर नावाच्या स्क्रीनवर वर-एक्स-बी दाबून राखीव सेव्ह उघडून पाहा. पण सिस्टिम सेटिंग्जमधून पुसला असेल तर राखीव प्रतही त्याच्याबरोबर जाते, आणि स्वोर्ड-शील्ड व स्कार्लेट-व्हायोलेटचे सेव्ह क्लाउडवर जातच नाहीत. क्लाउडसाठी पैसे भरलेले असले तरीही. होममध्ये ठेवलेले पोकेमॉन मात्र तिथे असतील, ते आधी बघा.

१७. गोष्ट पाठ आहे. दुसऱ्यांदा खेळताना कंटाळा येऊ नये म्हणून काय करू?

स्वतःवर एखादी अट घाला. सगळ्यात गाजलेली अट नझलॉक, २०१० मध्ये रूबीवर बेतलेल्या एका वेबकॉमिकमधून ती पसरली. प्रत्येक भागात भेटलेला पहिलाच पोकेमॉन पकडायचा, सगळ्यांना नावं ठेवायची, आणि जो मूर्च्छित पडला तो मेला असं धरून कायमचा सोडून द्यायचा. नावं ठेवण्याची अट वरवर किरकोळ वाटते, पण खरा त्रास तीच देते. "बंड्या" नावाचा पिजी तिसऱ्या जिममध्ये गमावला की कळतं.

एवढं जड नको असेल तर एकाच प्रकारचे पोकेमॉन घेऊन खेळा, किंवा पहिल्या वेळी ज्यांच्याकडे ढुंकूनही पाहिलं नाही अशा सहा जणांचा संघ करा. सेटिंगमध्ये लढाई "सेट"वर ठेवा, म्हणजे समोरचा पोकेमॉन पडल्यावर फुकटची अदलाबदल बंद. स्कार्लेट-व्हायोलेटमध्ये हा पर्याय काढून टाकला आहे. तिथे गेम "बदलायचा का" असं विचारील तेव्हा दर वेळी स्वतःहून "नाही" म्हणायचं.

१८. खेळाडूचं नाव चुकीचं टाकलं. नंतर बदलता येतं का?

नाही. अजून पहिल्या गावातच असाल तर सरळ प्रश्न ३ कडे जा. तीन बॅज झाले असतील तर त्याच नावाने खेळा.